पुलगावचे कोठार आणि स्वीडनचा धडा

वर्धा जिल्ह्याचे नाव निघाले की सेवाग्रामची बापू-कुटी आणि पवनारचा विनोबांचा आश्रम यांचेच स्मरण प्रथम होते. ते स्वाभाविकही आहे. परंतु याच जिल्ह्यात, मुंबई-नागपूर लोहमार्गावर, पुलगाव हे गाव आहे आणि तेथे भारतीय सैन्याचे केंद्रीय दारूगोळा भांडार आहे. सुमारे सात हजार एकरांवर पसरलेले हे भांडार देशातील सर्वांत मोठे मानले जाते. आयुध निर्माण्यांतून बाहेर पडलेले तोफगोळे, अग्निबाण, सुरुंग येथे येतात, साठवले जातात आणि सीमेवरील तुकड्यांसाठी पुढच्या भांडारांकडे रवाना होतात. भारताच्या संरक्षणाची शिदोरी वर्धा जिल्ह्यात बांधली जाते, असे म्हटल्यास ती अतिशयोक्ती ठरू नये.

ही शिदोरी रांधतो कोण? ती पुरेशी आहे काय? आणि ऐनवेळी उघडली असता ती नासलेली तर निघणार नाही ना? संरक्षणखर्चाच्या चर्चेत खरे तर हे तीनच प्रश्न विचारले गेले पाहिजेत. प्रत्यक्षात चर्चा होते ती केवळ आकड्याची. २०२५-२६ च्या अर्थसंकल्पात संरक्षणासाठी ६ लाख ८१ हजार कोटी रुपयांची तरतूद झाली, तेव्हा एका बाजूने 'एवढा पैसा शस्त्रांवर कशाला' अशी नेहमीची ओरड झाली, तर दुसऱ्या बाजूने वाढलेल्या आकड्याचेच कौतुक झाले. त्या पैशातून पुलगावच्या कोठारात नेमके काय येऊन पडते, याची चौकशी दोहोंपैकी कोणीही केली नाही. राष्ट्राचे सामर्थ्य अर्थसंकल्पातील आकड्यावर ठरत नसते. ते ठरते त्या राष्ट्राच्या स्वतःच्या निर्माणशक्तीवर आणि त्या निर्मितीच्या निर्दोषतेवर. ही गोष्ट ज्या देशाने कमावली, गमावली आणि पुन्हा कमावण्यासाठी आज धडपड चालवली आहे, असा एक छोटासा देश युरोपात आहे. त्याचे नाव स्वीडन.

शांततेची किंमत मोजणारा देश

स्वीडनची लोकसंख्या सुमारे एक कोटी सहा लाख. २०११ च्या जनगणनेत एकट्या विदर्भाची लोकसंख्या दोन कोटी तीस लाख होती. म्हणजे विदर्भाच्या निम्म्याहूनही लहान असा हा देश. १८१४ नंतर तो कोणत्याही युद्धात उतरला नाही. दोन्ही महायुद्धांत तटस्थ राहिला. शांततेचे पारितोषिक ज्याच्या संपत्तीतून दिले जाते, तो आल्फ्रेड नोबेल याच देशाचा. आपल्याकडील शांततावादी मंडळी स्वीडनचे दाखले मोठ्या हौसेने देतात, त्यामागे हेच कारण आहे.

मात्र हे दाखले देताना अर्धीच गोष्ट सांगितली जाते. हाच नोबेल १८९४ पासून मृत्यूपर्यंत, म्हणजे १८९६ पर्यंत, कार्ल्स्कूगा येथील बोफोर्स या तोफांच्या कारखान्याचा मालक होता. हा कारखाना १६४६ चा. स्वराज्याच्या उभारणीला आपल्याकडे नुकताच प्रारंभ होत होता, त्या काळापासून तेथे लोखंडावर घण पडत आहेत. तटस्थ राहायचे असेल तर आपल्यावर चाल करून येणाऱ्याला ते महाग पडले पाहिजे, आणि त्यासाठी लागणारे शस्त्र दुसऱ्याच्या कृपेवर अवलंबून असता कामा नये, हे स्वीडनने अनुभवाने ओळखले होते.

हा अनुभवही लक्षात ठेवण्याजोगा आहे. दुसऱ्या महायुद्धाच्या तोंडावर स्वीडनने अमेरिकेकडून १२० लढाऊ विमानांची मागणी नोंदवली. साठ विमाने मिळाली. उरलेली साठ अमेरिकेने १९४० मध्ये रोखून धरली आणि आपल्याच हवाई दलाला देऊन टाकली. शेजारचा नॉर्वे आणि डेन्मार्क हिटलरने गिळंकृत केले असताना स्वीडनवर हा प्रसंग ओढवला. त्या देशाने दिलदार मित्राची वाट पाहिली नाही. त्याने घरच्या घरी विमान आखले, बांधले आणि उडवले. १९३७ मध्ये स्थापन झालेल्या साब या कंपनीने पुढील दशकांत एकामागून एक जेट विमाने बनवली. पाणबुड्या, तोफा, रणगाडाविरोधी शस्त्रे हे सर्व त्या चिमुकल्या देशात तयार होऊ लागले. शीतयुद्धाच्या काळात प्रसंगी साध्या महामार्गांवरून विमाने उडवता यावीत, अशी तेथील रस्त्यांची रचना होती. सुमारे पासष्ट हजार बंदिस्त निवारे नागरिकांसाठी बांधलेले होते.

आता असे म्हणता येईल की स्वीडनच्या ग्रिपेन विमानाचे इंजिन अमेरिकी आराखड्याचेच आहे, मग स्वयंपूर्णता कोठे राहिली? हा आक्षेप वरवरचा आहे. स्वयंपूर्णता म्हणजे प्रत्येक खिळा घरी ठोकणे नव्हे. कोणती वस्तू बाहेरून घेतली तरी चालेल आणि कोणती कधीही दुसऱ्याच्या हाती राहता कामा नये, याचा निर्णय स्वतःच्या बुद्धीने घेणे म्हणजे स्वयंपूर्णता. तो निर्णय स्वीडनने घेतला होता.

कवच उतरवले आणि हुडहुडी भरली

मग सोव्हिएत संघ कोसळला. 'आता युद्धे संपली' अशी हवा युरोपभर पसरली आणि स्वीडनच्या राज्यकर्त्यांनाही ती बाधली. संरक्षणखर्च उतरत उतरत राष्ट्रीय उत्पन्नाच्या एक टक्क्याच्या आसपास आला. बाल्टिक समुद्राचे नाक असलेल्या गोटलँड बेटावरील कायम फौज २००५ मध्ये काढून घेण्यात आली. २०१० मध्ये सक्तीचे लष्करी शिक्षण स्थगित झाले. पाणबुड्या बांधणारा कोकम्सचा कारखाना तर आधीच जर्मन मालकीत गेला होता.

परिणाम दिसायला फार वेळ लागला नाही. २०१३ च्या प्रारंभी खुद्द स्वीडनच्या सरसेनापतींनी जाहीरपणे सांगितले की देशाच्या एका मर्यादित भागावर हल्ला झाला तर सैन्य जेमतेम आठवडाभर तग धरू शकेल. त्याच वर्षी गुड फ्रायडेच्या रात्री रशियन बाँबफेकी विमानांनी स्वीडनच्या सीमेलगत येऊन हल्ल्याचा सराव केला. स्वीडनचे एकही लढाऊ विमान त्या रात्री वर उठू शकले नाही. धावून आली ती लिथुआनियातून निघालेली डेन्मार्कची विमाने. शतकानुशतके स्वाभिमानाने एकटा उभा राहिलेला देश शेजाऱ्याच्या पहाऱ्यावर विसंबून झोपला होता.

पुढचा इतिहास ताजा आहे. कोकम्सचा कारखाना साबने २०१४ मध्ये परत घेतला आणि त्यामागे सरकारचा स्पष्ट आग्रह होता. २०१७ मध्ये सक्तीचे लष्करी शिक्षण पुन्हा लागू करण्याचा निर्णय झाला. गोटलँडवर २०१८ मध्ये पलटण परतली. युद्ध वा संकट आल्यास प्रत्येकाने काय करावे, हे सांगणारी पुस्तिका २०१८ मध्ये आणि पुन्हा २०२४ मध्ये घरोघरी पोहोचवली गेली. रशियाने २०२२ मध्ये युक्रेनवर आक्रमण केल्यावर तर दोनशे वर्षांची तटस्थता बाजूला ठेवून ७ मार्च २०२४ रोजी स्वीडन नाटोत दाखल झाला, आणि २०३० पर्यंत संरक्षणखर्च राष्ट्रीय उत्पन्नाच्या साडेतीन टक्क्यांवर नेण्याचे उद्दिष्ट त्याने २०२५ मध्ये जाहीर केले. ज्याने कवच फुकट मिळेल असे मानले, त्याला ते पुन्हा बनवताना दुप्पट-तिप्पट दाम मोजावे लागत आहेत. तटस्थतेचे स्वातंत्र्य गेले ते वेगळेच.

तोफ उत्तम, व्यवहार काळा, बोध शून्य

या स्वीडनशी भारताचा संबंध आला तो कसा, हे सर्वज्ञात आहे. २४ मार्च १९८६ रोजी ४१० बोफोर्स तोफांचा सुमारे १,४३७ कोटी रुपयांचा करार झाला. वर्षभरातच, १६ एप्रिल १९८७ रोजी, स्वीडिश आकाशवाणीने दलालीचे प्रकरण बाहेर काढले. काही रकमा दिल्या गेल्या, हे त्या देशाच्या राष्ट्रीय लेखापरीक्षण विभागानेही त्याच वर्षी जूनमध्ये मान्य केले. खटले वर्षानुवर्षे रेंगाळले. न्यायालयात लाचेचा आरोप कोणावरही सिद्ध होऊ शकला नाही. जनतेच्या न्यायालयाने आपला निकाल १९८९ मध्येच दिला होता.

दलालीवर तेव्हा पुष्कळ लिहिले गेले. तिच्याहून मोठे नुकसान कोणते झाले, हे मात्र क्वचितच बोलले गेले. तोफेबरोबर तिच्या निर्मितीचे तंत्रज्ञान देण्याचीही तरतूद या व्यवहारात होती. आराखडे हाती होते, आयुध निर्माण्या होत्या, कुशल कारागीर होते. तरीही त्या आराखड्यांवरून भारताने आपली तोफ घडवली नाही. 'बोफोर्स' या शब्दाचीच धास्ती घेतलेल्या नोकरशाहीने फायलीवर सही करणे म्हणजे संकट ओढवून घेणे, असा समज करून घेतला. चोर पकडायचे राहून गेले आणि घराचे बांधकाम तेवढे बंद पडले! नव्या तोफेच्या खरेदीचा मोठा करार व्हायला २०१६ साल उजाडले. जवळजवळ तीस वर्षे भारतीय तोफखाना नव्या तोफेची प्रतीक्षा करीत राहिला. या काळात दिल्लीत सर्व रंगांची सरकारे येऊन गेली, याचाही विसर पडू नये.

मधल्या काळात कारगिल घडले. १९९९ च्या त्या उन्हाळ्यात टोलोलिंग आणि टायगर हिलच्या लढायांत हीच बोफोर्स तोफ जवानांच्या पाठीशी उभी राहिली. तिचे गोळे मात्र बाहेरून तातडीने मागवावे लागले. तेव्हाच्या तातडीच्या खरेदीतील बहुतांश माल युद्ध थांबल्यानंतर येऊन पोहोचला, असे महालेखापरीक्षकांच्या अर्थात 'कॅग'च्या २००१ च्या अहवालाने दाखवून दिले. लग्न लागून वऱ्हाड परतल्यावर वाजंत्री यावे, तसा हा प्रकार. अखेर त्याच बोफोर्सच्या आराखड्यांवर आधारलेली, अधिक लांब नळीची 'धनुष' तोफ जबलपूरच्या कारखान्यात तयार झाली आणि तिची पहिली सहा नगांची तुकडी एप्रिल २०१९ मध्ये सैन्याच्या हाती आली. १९८६ ते २०१९! जे काम पाच-सात वर्षांत व्हावे, त्याला तेहेतीस वर्षे लागली. पैसा नव्हता म्हणून नव्हे, इच्छाशक्ती नव्हती म्हणून.

शिदोरी अपुरी, शिदोरी नासकी

तोफ दिसते, मिरवते, संचलनात टाळ्या घेते. दारूगोळा कोणाला दिसत नाही. म्हणूनच त्याच्याकडे सर्वांत आधी दुर्लक्ष होते. घनघोर युद्धाचे चाळीस दिवस पुरेल इतका साठा हवा, असा भारतीय सैन्याचा दंडक होता. 'कॅग'ने २०१५ मध्ये संसदेपुढे ठेवलेल्या अहवालात म्हटले की दारूगोळ्याच्या १७० प्रकारांपैकी निम्म्यांचा साठा दहा दिवसांनाही पुरणारा नव्हता. २०१७ चा अहवाल सांगतो की सप्टेंबर २०१६ मध्ये तपासलेल्या १५२ प्रकारांपैकी ६१ प्रकारांची तीच अवस्था होती. त्यानंतर उपसेनाप्रमुखांना तातडीच्या खरेदीचे अधिकार देण्यात आले, ते योग्यच झाले. परंतु आग लागल्यावर विहीर खणण्याची ही सवय राष्ट्राला परवडणारी नाही.

युक्रेनच्या युद्धाने हाच धडा साऱ्या जगाला दिला. मार्च २०२४ पर्यंत दहा लाख तोफगोळे देण्याचे वचन युरोपीय संघाने युक्रेनला दिले होते. ठरल्या मुदतीत त्याच्या निम्मेच जेमतेम देता आले. जगातील अतिश्रीमंत देशांच्या तिजोऱ्या भरलेल्या होत्या, कारखाने मात्र मोडीत निघालेले होते. पैसा टाकून गोळा लगेच मिळत नाही. त्यासाठी स्फोटक रसायने लागतात, यंत्रे लागतात आणि वर्षानुवर्षे हात बसलेला कामगार लागतो.

अपुऱ्या शिदोरीहून भयंकर असते ती नासलेली शिदोरी. ३१ मे २०१६ च्या मध्यरात्रीनंतर पुलगावच्या भांडारातील एका कोठारात आग भडकली. स्फोटांच्या हादऱ्यांनी आगरगावासह परिसरातील गावे जागी झाली आणि माणसे लेकराबाळांना घेऊन अंधारात रानोमाळ धावली. आग शेजारच्या कोठारांत पसरली असती तर काय अनर्थ झाला असता, याची कल्पनाही करवत नाही. तो अनर्थ टळला, कारण अग्निशमन दलाचे आणि सुरक्षा कोअरचे जवान त्या आगीपासून दूर पळाले नाहीत, तिच्या दिशेने धावले. एकोणीस जणांनी प्राण दिले. त्यात दोन सैन्याधिकारी होते. रणभूमी नव्हती, शत्रू समोर नव्हता, पण ते हौतात्म्य सीमेवरील हौतात्म्याहून तिळभरही उणे नाही.

हे बळी कोणी घेतले? घातपाताची शंका प्रथम सर्वांनाच आली होती. चौकशीतून जे पुढे आले ते त्याहून लाजिरवाणे होते. कोठारात साठवलेल्या रणगाडाविरोधी सुरुंगांतून टीएनटी हे स्फोटक पाझरत होते. टीएनटी पुरेसे शुद्ध नसेल, तर त्यातील भेसळ कमी उष्णतेला वितळते आणि तेलकट स्राव बाहेर येऊ लागतो. वर्ध्याचा मे महिना, पारा पंचेचाळीस अंशांच्या घरात, आणि कोठारात रचून ठेवलेले पाझरणारे सुरुंग! हा दोष त्या रात्री प्रथमच कळला असेही नव्हते. सैन्याकडून त्याविषयी आधीपासून लिहिले जात होते. निर्माण करणारे खाते, तपासणारे खाते आणि वापरणारे खाते यांच्यात कागद फिरत राहिले आणि सुरुंग कोठारातच राहिले. शत्रूच्या रणगाड्यासाठी बनवलेल्या सुरुंगाने आपलीच माणसे मारली.

हा एकट्या पुलगावचा प्रश्न नाही. २०२० मध्ये वृत्तपत्रांत प्रसिद्ध झालेल्या सैन्याच्या अंतर्गत अहवालानुसार, २०१४ पासूनच्या काळात सदोष दारूगोळ्यापायी सुमारे ९६० कोटी रुपयांचे नुकसान झाले. त्यापैकी ३०३ कोटींचे सुरुंग महाराष्ट्रातील या आगीनंतर मुदत संपण्यापूर्वीच नष्ट करावे लागले. आयुध निर्माणी मंडळाने या निष्कर्षांवर आक्षेप घेतला होता, हेही नमूद केले पाहिजे. दोष कारखान्याचा की साठवणुकीचा, हा वाद खात्यांनी खुशाल घालावा. प्राण गमावलेल्यांच्या घरी त्या वादाने कोणता दिलासा मिळणार? 'धनुष' तोफेसाठी जर्मन बनावटीच्या नावाखाली चिनी बेअरिंग पुरवल्याचा गुन्हा सीबीआयला २०१७ मध्ये नोंदवावा लागला होता. सैन्याच्या पुरवठ्यात खोटा माल खपवणे हा केवळ व्यापारी अपराध नव्हे. तो राष्ट्रद्रोह आहे आणि त्याची शिक्षाही त्याच मापाची हवी.

आज्ञापत्र काय सांगते?

दारूगोळ्याची निगा हा परदेशी तज्ज्ञांकडून शिकावा असा विषय आपल्याला नवा नाही. हिंदवी स्वराज्याची राजनीती सांगणारे रामचंद्रपंत अमात्यांचे 'आज्ञापत्र' अठराव्या शतकाच्या दुसऱ्या दशकातील. त्यात गडावरील दारूखान्याविषयी स्पष्ट सूचना आहेत. दारूखाना वस्तीजवळ नसावा, त्याला ओल लागू नये, आठ-पंधरा दिवसांनी जबाबदार अधिकाऱ्याने स्वतः येऊन दारू, बाण बाहेर काढावेत, ऊन द्यावे आणि पुन्हा मोहोरबंद करून ठेवावेत, असा त्यांचा आशय आहे. तीनशे वर्षांपूर्वी हवालदाराचे कर्तव्य एवढ्या बारकाईने लिहून ठेवणारी राज्यव्यवस्था आपली होती. जबाबदारी एका माणसाच्या शिरावर होती, तीन खात्यांच्या टपालात हरवलेली नव्हती. पूर्वजांचा अभिमान बाळगायचा तो त्यांच्या तलवारीबरोबरच त्यांच्या या दक्षतेचाही बाळगला पाहिजे.

पुलगावच्या जखमेवर अडीच वर्षांतच दुसरा घाव बसला. २० नोव्हेंबर २०१८ रोजी सोनेगाव येथील मैदानावर निकामी दारूगोळा नष्ट करण्यासाठी उतरवला जात असताना स्फोट झाला आणि सहा जण मृत्युमुखी पडले. त्यात परिसरातील खेड्यांमधले गरीब मजूर होते. जिवंत स्फोटकांच्या पेट्या रोजंदारीच्या माणसांनी उतरवाव्यात, ही कोणती पद्धत? तंत्रकुशल मनुष्यबळ हवे तेथे स्वस्त मनुष्यबळ लावले, की असेच होणार. वर्धा जिल्ह्यातील शेतमजुराच्या प्राणाचे मोलही राष्ट्राच्या हिशेबात सैनिकाच्या प्राणाइतकेच असले पाहिजे.

'भाकरी की बंदूक?'

येथे नेहमीचा प्रश्न विचारला जाईल. ज्या विदर्भात शेतकरी कर्जापायी आत्महत्या करतो, तेथे तोफगोळ्यांच्या गोष्टी कशाला? महात्माजींच्या कर्मभूमीत दारूगोळ्याचे समर्थन शोभते काय?

दुसऱ्या आक्षेपाचे उत्तर वर्ध्याच्याच इतिहासात आहे. जून १९४० मध्ये, फ्रान्स कोसळत असताना, काँग्रेस कार्यकारिणीची बैठक वर्ध्यात भरली होती. परचक्रापासून देशाचे रक्षण करण्याच्या बाबतीत अहिंसेचा मार्ग अखेरपर्यंत अनुसरणे आम्हांला शक्य नाही, असे त्या कार्यकारिणीने महात्माजींना आदरपूर्वक कळवले. ऑक्टोबर १९४७ मध्ये टोळीवाल्यांपासून काश्मीर वाचवण्यासाठी भारतीय सैन्य विमानाने श्रीनगरला उतरले, तेव्हा खुद्द महात्माजींनीही त्या कृतीचा निषेध केला नव्हता. १९६२ मध्ये मात्र भाबडेपणाची किंमत नेफाच्या बर्फात जवानांना मोजावी लागली. अहिंसा हे बलवंताचे भूषण आहे. दुर्बलाच्या तोंडी तो शब्द केवळ निरुपायाचा उद्गार ठरतो.

पहिला आक्षेप अधिक गांभीर्याने घेतला पाहिजे, कारण त्यामागे खरे दुःख आहे. परंतु भाकरी आणि बंदूक यांचे वैर तेव्हाच असते, जेव्हा बंदूक परदेशातून येते. २०२० ते २०२४ या पाच वर्षांत शस्त्रे आयात करणाऱ्या देशांत भारताचा क्रमांक युक्रेनखालोखाल दुसरा होता. त्या आयातीतील प्रत्येक रुपयाने परक्या कामगाराची चूल पेटते. तोच रुपया भंडाऱ्याच्या, भद्रावतीच्या, अंबाझरीच्या निर्माणीत खर्च झाला तर विदर्भाच्या मुलाच्या हाताला काम मिळते. संरक्षणखर्च १९८० च्या दशकाच्या उत्तरार्धात राष्ट्रीय उत्पन्नाच्या तीन टक्क्यांहून अधिक होता. २०२५-२६ ची तरतूद दोन टक्क्यांच्याही आत आहे. तीतील १ लाख ६० हजार कोटींहून अधिक रक्कम निवृत्तिवेतनासाठी आहे आणि नव्या शस्त्रसामग्रीसह भांडवली खर्चासाठी १ लाख ८० हजार कोटी. दोन अण्वस्त्रधारी शेजाऱ्यांमध्ये उभ्या असलेल्या राष्ट्रासाठी ही चैन नव्हे.

विदर्भाचे बदलते चित्र

समाधानाची बाब अशी की दिशा बदललेली आहे. भंडारा, चांदा आणि अंबाझरी येथील निर्माण्या १९६२ च्या धक्क्यानंतरच्या काळात उभ्या राहिल्या. १ ऑक्टोबर २०२१ रोजी देशातील ४१ आयुध निर्माण्यांची सात सरकारी कंपन्यांत फेररचना झाली. त्यांपैकी यंत्र इंडियाचे मुख्यालय नागपुरात, तर म्युनिशन्स इंडियाचे पुण्यात आहे. नागपूरजवळच्या खासगी कारखान्यातून 'नागास्त्र' हे घिरट्या घालून लक्ष्यावर झेपावणारे अस्त्र २०२४ मध्ये सैन्याला मिळाले. पिनाकाच्या अग्निबाणांसाठी फेब्रुवारी २०२५ मध्ये झालेले १०,१४७ कोटी रुपयांचे करार नागपूरच्या याच उद्योगसमूहातील कंपनीशी आणि म्युनिशन्स इंडियाशी झाले. संरक्षण साहित्याची निर्यात २०१३-१४ मध्ये ६८६ कोटी रुपयांची होती, ती २०२४-२५ मध्ये २३,६२२ कोटींवर गेली. एवढेच नव्हे, कार्ल-गुस्ताफ हे खांद्यावरून डागायचे शस्त्र बनवण्यासाठी स्वीडनच्या साब कंपनीने हरियाणात झज्जर येथे कारखान्याची पायाभरणी २०२४ मध्ये केली. ज्या देशाची तोफ भारत विकत घेत होता, तोच देश आता आपले शस्त्र येथे येऊन घडवू पाहतो आहे.

पण म्हणून हुरळून जाण्याचे कारण नाही. १७ डिसेंबर २०२३ रोजी नागपूर जिल्ह्यातील बाजारगावच्या स्फोटक कारखान्यात नऊ जणांचा बळी गेला. २४ जानेवारी २०२५ रोजी भंडाऱ्याच्या निर्माणीतील स्फोटाने आठ जण दगावले. कारखाना सरकारी असो वा खासगी, स्फोटकांना मालकाचे नाव वाचता येत नाही. 'मेक इन इंडिया' ही घोषणा त्या कामगाराच्या सुरक्षेवर आणि त्याच्या हातून बाहेर पडणाऱ्या मालाच्या शुद्धतेवर खरी ठरणार आहे.

तेव्हा आता मागण्या स्पष्ट शब्दांत मांडल्या गेल्या पाहिजेत. दारूगोळ्यासाठी एका वर्षाची नव्हे, तर दहा-पंधरा वर्षांची निश्चित मागणी कारखान्यांना द्यावी, म्हणजे त्यांना यंत्रे आणि माणसे टिकवता येतील. निर्माता आणि तपासनीस यांच्यावर नावानिशी जबाबदारी असावी. सदोष ठरलेला माल कोठारात किती दिवस राहू शकतो, याची कायद्याने मर्यादा घालावी. स्फोटके हाताळण्याचे काम प्रशिक्षित हातांखेरीज कोणाकडेही देऊ नये. वर्धा, नागपूर, भंडारा, चंद्रपूर या जिल्ह्यांतील आयटीआय आणि अभियांत्रिकी महाविद्यालयांत या उद्योगाचे शिक्षण सुरू व्हावे. पुलगावच्या एकोणीस वीरांच्या स्मृती केवळ दरवर्षीच्या पुष्पचक्रापुरत्या राहू नयेत. त्यांची बलिदानकथा विदर्भातील प्रत्येक शाळेत सांगितली गेली पाहिजे.

सेवाग्राम आणि पुलगाव हे एकाच जिल्ह्यात आहेत, यात कोणताही विरोधाभास नाही. आश्रमातली प्रार्थना निर्वेध चालावी, यासाठी कोणीतरी कोठारावर पहारा देत असतो. त्या पहारेकऱ्याच्या पाठीमागचे कोठार भरलेले आहे, त्यातील माल घरचा आहे आणि खरा आहे, एवढी खात्री त्याला देणे हे राष्ट्राचे किमान कर्तव्य आहे. आठवडाभर तग धरण्याइतके बळ उरल्यावर स्वीडनला जाग आली, आणि तोवर बाका प्रसंग आला नाही हे त्याचे भाग्य. भारताच्या सीमांवर असे भाग्य वाट्याला येत नसते.